मी खोडलेली ओळ

आमच्या शाळेच्या मस्टरवर सव्वीस वर्षं माझं नाव तिच्या नावाच्या वर होतं. मस्टर म्हणजे शिक्षकांचं हजेरीपुस्तक. त्यात नावं ज्येष्ठतेनं लिहितात, जो आधी लागला तो वर. मी जूनमध्ये लागले, ती त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये. चार महिन्यांचा काय तो फरक, पण रोज सही करताना मला तो दिसायचा आणि बरं वाटायचं. तेव्हा कुणी विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, छे हो, सहीत काय आहे. आता निवृत्त झाले आहे, खोटं बोलून काही मिळायचं नाही. मला तिचा हेवा वाटायचा, आणि ती वरची सही हे त्यावरचं माझं रोजचं औषध होतं.

हेवा कशाकशाचा म्हणून सांगू! मी सोलापूरच्या पूर्व भागातली, विणकराच्या घरातली. घरी तेलुगू, शाळेत मराठी. मराठी मी घासून घासून कमावली आणि तीच पुढं शाळेत शिकवली. माझं अक्षर असं की संस्थेची मानपत्रं मीच लिहायची. ती बार्शीजवळच्या एका खेड्यातली. गणित शिकवायची. वर्गात बरं बोलायची, पण स्टाफरूममध्ये आली की चपला काढल्यासारखी पुस्तकी भाषा बाहेर ठेवून यायची. "लई ऊन हाय गं आज," म्हणत ती डबा उघडायची आणि तिच्या धपाट्यांवर सगळ्यांचे हात पडायचे. माझा डबा मी एकटीच खायची. मुलं मला भ्यायची आणि तिच्यामागं फिरायची. गणिताच्या बाईंच्या मागं मुलं फिरतात, असं कुठं ऐकलंय का कुणी?

वर ती माझी मैत्रीणही होती. माझ्या बाळंतपणात माझे तास तिनं घेतले, माझे सासरे गेले तेव्हा स्वयंपाक करून घेऊन आली. तिनं काही चांगलं केलं की मी मनात म्हणायची, दाखवायला करते. मनात मांडे खायला कुणाची बंदी नसते, तशी मनात जळायलाही नसते.

मग जुने मुख्याध्यापक निवृत्त झाले. आता माझी पाळी, हे शाळेच्या घंटेलासुद्धा ठाऊक होतं. मी दोन नव्या कॉटनच्या साड्या आणून फॉल-पिको करून ठेवल्या होत्या. जूनमध्ये शाळा उघडली तेव्हा संस्थेचं पत्र आलं. मुख्याध्यापिका ती. सचिव मला म्हणाले, "मॅडम, तुमच्या विद्वत्तेबद्दल प्रश्नच नाही. पण त्यांना माणसं सांभाळता येतात." विद्वत्तेबद्दल प्रश्न नाही, असं ज्याला म्हणतात त्याला काही मिळत नसतं, हे मला त्या दिवशी कळलं. पहिल्या तारखेला नवं मस्टर उघडलं. पहिलं नाव तिचं, दुसरं माझं. मी सही केली ती इतकी जोरात की खालच्या पानावर उमटली.

त्या संध्याकाळी मी वकिलांकडं गेले. खासगी शाळेतल्या शिक्षकाला डावललं तर दाद मागायला न्यायाधिकरण असतं. आम्ही सगळे त्याला कोर्टच म्हणतो. आमचे वकील वयस्कर, आमच्याच भागातल्या मुसलमान घरातले. माझ्या वडिलांनाही ओळखायचे. त्यांनी कागद पाहिले, चष्मा कपाळावर सरकवला आणि म्हणाले, "मॅडम, केस चांगली आहे. ज्येष्ठता कागदावर आहे. फक्त धीर धरा." मुदतीच्या आत अपील दाखल झालं. संस्थेला नोटीस गेली, तिलाही गेली. दुसऱ्या दिवशी ती स्टाफरूममध्ये आली, माझ्याकडं पाहिलं आणि काही बोलली नाही. तिचं हे न बोलणंही मला खुपलं. भांडली असती तर मला जरा बरं वाटलं असतं.

तारखा पडत राहिल्या. दिवाळी गेली. डिसेंबरातल्या एका शनिवारी, सकाळची शाळा सुटल्यावर, आम्ही सगळे स्टाफरूममध्ये होतो. ती आत आली आणि सगळ्यांसमोर माझ्यापुढं उभी राहिली.

"अगं, मला न्हाय पायजे ती खुर्ची," ती म्हणाली. "तू मोठी हायस. मी लिवून देते संस्थेला. तू बस तितं. आपल्यात कोर्ट कशाला पायजे?"

कुणीतरी "वा, बाई" म्हणालं. चित्रकलेच्या सरांनी तर डोळे पुसले. सगळे माझ्याकडं बघू लागले, की आता ही उठून तिला मिठी मारणार. मी पर्स उचलली आणि म्हणाले, "बघू."

रविवारचा दिवस मी जळत काढला. शिक्षकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सकाळीच कुणीतरी टाकलं, 'याला म्हणतात मन.' खाली हात जोडलेल्यांची रांग लागली. मी ते हात मोजले, सतरा होते. शेजारच्या शाळेत बदलून गेलेल्या बाईंनी मला मुद्दाम फोन केला, "अहो, केवढा त्याग!" मी म्हटलं, हो ना. सव्वीस वर्षं नोकरी माझी, अन्याय माझ्यावर झालेला, कोर्टाच्या पायऱ्या मी चढतेय, आणि त्याग तिचा! खुर्ची मिळाली असती तरी लोक म्हणाले असते, तिनं दिली म्हणून हिला मिळाली. मस्टरवर माझं नाव परत वर गेलं असतं, पण माणसांच्या मनात ती कायमची वर बसली असती. हे मला सोसलं नाही. ती खरंच लिहून देईल, यावर तर माझा काडीचा विश्वास नव्हता. बोलायला काय जातंय, असं मी धरून चालले होते.

सोमवारी मी रजा टाकली आणि कोर्टात गेले. वकीलसाहेबांना म्हटलं, अपील मागं घ्यायचंय. आजच.

त्यांनी हातातलं पेन खाली ठेवलं. "समेट झाला का? काही लेखी आहे?"

"नाही. ती लिहून देते म्हणतेय, पण मी आपणहून घेतेय."

"मॅडम, दोन आठवडे थांबा. त्या लिहून देतात म्हणताय ना? ते हातात येऊ द्या."

"मला कुणाची भीक नको."

त्यांनी नाइलाजानं कागद पुढं ओढला. कोर्टात असं काही कळवायचं तर एक लेखी निवेदन देतात, त्याला पुरसीस म्हणतात. ते मजकूर सांगणार आणि मी लिहिणार. माझं अक्षर त्यांना आवडायचं. मी लिहिलं, 'अर्जदार सदरचे अपील स्वखुशीने मागे घेत आहेत.' पुढं त्यांनी सांगितलं, 'याच कारणासाठी पुन्हा दाद मागण्याचा हक्क राखून.' तेही मी लिहिलं. मग वाचून पाहिलं. ती ओळ मला हलकी वाटली. देवाला नैवेद्य दाखवायचा आणि ताट झाकून परत कपाटात ठेवायचं, तसं. ही पुरसीस तिच्या हातात जाणार होती. तिच्या वकिलानं तिला वाचून दाखवली असती आणि ती मनात म्हणाली असती, हिनं हक्क राखलाय, मी तर सगळंच सोडत होते.

मी पट्टी घेतली आणि ती ओळ सरळ रेघेनं खोडली. बाजूला सही केली.

वकीलसाहेबांनी चष्मा डोळ्यांवर घेतला. "मॅडम, दार ओढून घेताय ते घ्या. पण बाहेरून कडी लावू नका. ही ओळ राहू द्या, तिला पैसे पडत नाहीत."

"मोठेपणा करायचा तर पुरता करावा, साहेब."

"मोठेपणा इथं कुणी लिहून घेत नाही," ते म्हणाले. "इथं फक्त काय लिहिलंय ते बघतात." पण अपील माझं होतं. दुपारी पुरसीस दाखल झाली. न्यायाधीशांनी मला पुढं बोलावून विचारलं, कुणाचा दबाव? मी म्हटलं, नाही. पुन्हा विचारलं, विनाअट? मी म्हटलं, विनाअट. तो शब्द मी इतका ठासून उच्चारला की टंकलेखकानंही वर पाहिलं. अपील मागं घेतलं म्हणून निकाली निघालं.

मंगळवारी मी शाळेत सगळ्यांसमोर सांगितलं. टाळ्या झाल्या. चित्रकलेच्या सरांनी पुन्हा डोळे पुसले. त्यांचे डोळे तसे लवकर भरायचे. संध्याकाळी ग्रुपवर माझ्या नावाखाली हात जोडले गेले, एकोणीस. दोन जास्त! मी मोबाइल नवऱ्याला दाखवला. त्यांनी चहाचा कप खाली ठेवला आणि विचारलं, "तुला खुर्ची पाहिजे होती की हे?" मी म्हटलं, तुम्हाला नाही कळायचं.

त्याच मंगळवारी तास सुरू व्हायच्या आधी ती माझ्या वर्गाच्या दारात आली होती. "अगं, ऐक की जरा. तुला सांगायचं हुतं..." तिचा चेहरा उतरलेला होता. मला वाटलं, मी तिच्यावर मात केली म्हणून उतरलाय. मुलं ऐकत होती. मी म्हटलं, "मॅडम, तास आहे माझा. काही काम असेल तर शिपायाकडून निरोप पाठवा." सव्वीस वर्षांत मी तिला पहिल्यांदा मॅडम म्हटलं. ती वळून गेली. त्यानंतर तीही मला मॅडमच म्हणू लागली.

खुर्ची तिनं सोडली नाही. मी वाट पाहिली. आठवडा, पंधरवडा, महिना. बघा, मी म्हटलं नव्हतं? बोलायला काय जातंय! नाताळची सुट्टी गेली, संक्रांत गेली. तिनं तिळगूळ दिला, मी घेतला, गोड बोललो. मग सव्वीस जानेवारी आली. ती पांढऱ्या साडीत ध्वजस्तंभापाशी गेली, दोरी ओढली, झेंडा एका झटक्यात फडकला. मी दुसऱ्या रांगेत सलामी देऊन उभी होते. माझ्या नव्या साड्यांपैकी एक मी त्या दिवशी नेसले होते आणि मला कुणी पाहिलंसुद्धा नाही. राष्ट्रगीत चालू असताना मी ठरवलं, परत कोर्टात जायचं.

याला म्हणतात वरातीमागून घोडं. वकीलसाहेब म्हणाले, "मी करतो दाखल. पण काय होणार ते मला माहीत आहे, आणि तुम्हालाही."

मार्चमध्ये, उन्हं तापल्यावर, प्रकरण पुकारलं. बाहेरच्या बाकावर ती एका टोकाला, मी दुसऱ्या टोकाला. तिनं पाण्याची बाटली माझ्याकडं सरकवली. मला तहान लागली होती, तरी मी घेतली नाही. आत गेल्यावर मी मनात सगळी जुळवणी करून उभी राहिले. ज्येष्ठता यादी, नेमणुकीचे आदेश, सव्वीस वर्षांचे निकाल. न्यायाधीशांनी यांतलं काही उघडलं नाही. त्यांच्यासमोर माझीच जुनी पुरसीस होती.

"हे अक्षर तुमचं?"

"हो."

"ही ओळ तुम्ही खोडली?"

"हो."

"मग पुन्हा येण्याची परवानगी तुम्ही मागितलीच नव्हती. उलट मागत होतात, ती खोडलीत. त्याच कारणासाठी हे कोर्ट आता तुमचं ऐकू शकत नाही."

वकीलसाहेब दोन वाक्यं बोलले. न्यायाधीशांनी ती ऐकून घेतली आणि पुढचं प्रकरण पुकारलं. सगळं मिळून चहा निवायला लागतो तेवढाही वेळ गेला नाही. माझं म्हणणं खोटं आहे असं कुणी म्हणालं नाही. ते खरं की खोटं हे बघायलाच नकार दिला. हरलेल्याला निदान का हरलो ते कळतं, मला तेवढंही मिळालं नाही. पुढं हायकोर्टातही गेले. तिथं दोन ओळींत परत पाठवलं आणि त्या दोन ओळींत माझ्या खोडलेल्या ओळीचा उल्लेख होता. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. माझं इतकं सुंदर अक्षर आयुष्यात पहिल्यांदा एवढ्या वरच्या कोर्टात पोचलं होतं.

त्यानंतरची चार वर्षं मी दुसऱ्या ओळीवर सही केली. ती शाळा चांगली चालवत होती, हे मला सगळ्यात जास्त झोंबायचं. मुलींसाठी नवं स्वच्छतागृह झालं, गळती कमी झाली, दहावीचा निकाल वर गेला. मी प्रत्येक गोष्टीत खोट शोधायची. तिच्या सूचनापत्रांतल्या शुद्धलेखनाच्या चुका मी पेन्सिलीनं गोल करून ठेवायची आणि कुणालाच दाखवायची नाही. रोज सकाळी तिच्या सहीकडं बघून मी म्हणायची, बोलली होतीस ना सोडते म्हणून? खोटारडी! त्या एका शब्दावर मी चार वर्षं काढली. ती खोटारडी होती म्हणून मी निदान तिच्याहून बरी होते.

मग माझ्या निवृत्तीच्या महिन्याचा शेवटचा दिवस आला. पेन्शनच्या कागदांत एक दाखला लागतो, की या शिक्षिकेचं कुठलंही न्यायालयीन प्रकरण प्रलंबित नाही. तो मुख्याध्यापिकेनं द्यायचा असतो. क्लार्कनं माझ्या कोर्टप्रकरणाची फाइल काढली आणि आम्ही दोघी तिच्या केबिनमध्ये समोरासमोर बसलो. तिला शिक्षणाधिकारी कार्यालयातून फोन आला म्हणून ती खिडकीशी जाऊन बोलू लागली. मी फाइल चाळत होते. नोटीस, अपील, माझी पुरसीस. पुरसीशीच्या वर एक कागद टाचला होता. अक्षर तिचं.

संस्थेच्या सचिवांना लिहिलेलं पत्र होतं. 'मला मुख्याद्यापक पद नको आहे. ज्येष्टता त्यांची आहे. मस्टरवर त्यांचे नाव माझ्या वर होते व तसेच रहावे. मी हे पद सोडत आहे.' अटी काही नाहीत. कसलाही हक्क राखलेला नाही. वर संस्थेच्या आवकचा शिक्का होता, त्याच शनिवारचा. म्हणजे स्टाफरूममधून निघून ती सरळ संस्थेच्या कार्यालयात गेली होती. मी 'बघू' म्हणून घरी येऊन जोडलेले हात मोजत होते, तेव्हा हा कागद सचिवांच्या टेबलावर पडलेला होता. खाली सचिवांचा शेरा, सोमवारचा: 'संबंधित शिक्षिकेने अपील विनाअट मागे घेतल्याने कार्यवाहीची आवश्यकता नाही. दप्तरी दाखल.'

मी तो कागद दोनदा वाचला. मुख्याध्यापकमधली चूक दिसली, ज्येष्ठतामधली दिसली. अशा वेळीही त्या दिसल्या. मग कळलं, की न्यायाधीशांनी माझं ऐकून घ्यायला सुरुवात जरी केली असती तरी पहिल्या तासात हे पत्र बाहेर आलं असतं. पण ऐकायचं दार मी पट्टी लावून बंद केलं होतं.

ती फोन ठेवून येऊन बसली. माझ्या हातात काय आहे ते तिनं पाहिलं.

"मला सांगितलं का नाहीस?" मी विचारलं.

"आले हुते की सांगायला," ती म्हणाली. चार वर्षांत पहिल्यांदा ती माझ्याशी तिच्या भाषेत बोलली. "तुज्या वर्गाच्या दारात. सचिव म्हणले, त्यांनी अपील मागं घेतलंय, आता तुमी कशाला सोडता? मला वाटलं, तुला नकोच हाय आता. तरी म्हणलं एकदा इचारावं. तू म्हणालीस, शिपायाकडून निरोप पाठवा."

"मग पाठवायचा."

"असलं शिपायाकडून सांगतात व्हय?"

तिनं दाखल्यावर सही केली, शिक्का मारला आणि कागद माझ्याकडं सरकवला. माझं कुठलंही प्रकरण आता कुठंही प्रलंबित नव्हतं. मला रडू यायला हवं होतं, पण आधी आला तो मत्सरच. खुर्चीचा नव्हे. तिनं हे केलं आणि चार वर्षं कुणाला सांगितलं नाही, मी मागं शिव्या घालत असताना सांगितलं नाही, कोर्टाबाहेर बाटली सरकवताना सांगितलं नाही. माझ्या मोठेपणाला एकोणीस जणांनी हात जोडले होते आणि तो खोटा होता. तिचा खरा होता आणि तो सचिवांनी आणि एका क्लार्कनं पाहिला. तसा कागद मला लिहिता आला असता का? नसता. मी ओळ खोडली तीही तिला कमी दाखवायला.

बाहेर मस्टर उघडं होतं. दुसऱ्या ओळीवर माझी शेवटची सही करायची राहिली होती. मी पहिल्या ओळीवरचं तिचं नाव वाचलं, मग खाली सही केली. त्या दिवशी पहिल्यांदा मला वाटलं, नावं बरोबर लागली आहेत. आणि तेही मी तिला सांगितलं नाही.